डीएसएम विकत घेण्याआधी काय वाचावं?

प्रश्न थोडक्यात असा आहे: मानसशास्त्रात एमए झालं, समुपदेशन केंद्रात काम सुरू झालं. येणाऱ्या माणसाला नेमका कोणता त्रास आहे हे ठरवायला शिकायचं आहे. मनोविकारांचे निकष देणारी दोन पुस्तकं आहेत, अमेरिकेचं डीएसएम आणि जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी. डीएसएम घ्यावं की आयसीडी? आणखी कोणती पुस्तकं? चाचण्यांसाठी वेगळं पुस्तक लागतं का?

दोन्ही घ्या, पण आत्ता नको. ही दोन्ही पुस्तकं तुम्हाला लक्षण ओळखता येतं असं गृहीत धरून लिहिलेली आहेत. 'डिल्युजन असल्यास' असं त्यांत छापलेलं असतं; डिल्युजन म्हणजे कितीही समजावलं तरी न हलणारा चुकीचा ठाम समज. समोरचा माणूस बोलतोय ते डिल्युजन आहे की घरातला जुना संशय, हे ती शिकवत नाहीत. नवशिक्यांची चूक बहुतेकदा इथेच होते. निकष तोंडपाठ असतात, नैराश्याच्या नऊपैकी पाच खुणा मोजता येतात, पण ज्याला 'एक' म्हणून मोजलं ते लक्षण मुळात होतं का, याची खात्री केलेली नसते.

म्हणून पहिलं पुस्तक लक्षणशास्त्राचं. फ्रँक फिश यांचं 'क्लिनिकल सायकोपॅथॉलॉजी' १९६७ मध्ये आलं. पुढच्या आवृत्त्या इतरांनी संपादित केल्या, तरी अजून सगळे 'फिश' म्हणूनच मागतात. बारीकसं पुस्तक आहे, महिन्याभरात संपतं. अँड्र्यू सिम्स यांचं 'सिम्प्टम्स इन द माइंड' जाड आहे, पण त्यात रुग्णाला आतून काय जाणवतं ते जास्त उलगडून सांगितलंय. माझा कौल असा: फिश सलग वाचा, सिम्स अडेल तेव्हा उघडा.

या पुस्तकांचा उपयोग कसा होतो ते एका वाक्यावरून दाखवतो. समोरचा म्हणतो, "कानात आवाज येतात." हॅल्युसिनेशन, म्हणजे नसलेलं ऐकू येणं किंवा दिसणं, असं लिहून मोकळं व्हायचं नाही. कसला आवाज? शिट्टीसारखा, समुद्रासारखा, रातकिड्यांसारखा असेल तर आधी कानाच्या डॉक्टरांकडे. शब्द ऐकू येतात का? येत असतील तर कधी, पूर्ण जागेपणी की डोळा लागता लागता? झोपेच्या काठावर कुणीतरी हाक मारल्यासारखं वाटणं धडधाकट माणसांतही सर्रास होतं. आवाज बाहेरून येतो की डोक्याच्या आत? आतला असेल तर तो तुमचाच विचार मोठ्याने होतोय का? मंत्रचळाच्या, म्हणजे ओसीडीच्या, रुग्णाला घाणेरडे विचार 'कुणीतरी सांगितल्यासारखे' येतात, पण ते आपल्याच मनातले आहेत हे त्याला ठाऊक असतं. एकच आवाज की अनेक? तुमच्याशी बोलतात की तुमच्याबद्दल आपसांत? आज्ञा देतात का, आणि तुम्ही त्या पाळल्या आहेत का? हा शेवटचा प्रश्न सुरक्षिततेचा आहे, तो विसरायचा नाही. आणि एक बारकावा: "पंखा लावला की शिव्या ऐकू येतात." पंख्याची घरघरही ऐकू येते आणि शिव्याही वेगळ्या ऐकू येतात, तर ते फंक्शनल हॅल्युसिनेशन. घरघरीचाच शिव्यांसारखा भास होत असेल तर तो इल्युजन. एका वाक्यामागे इतकी विचारपूस लागते. डीएसएममध्ये ही विचारपूस नाही, फिशमध्ये आहे.

मराठीत काम करताना आणखी एक थर चढतो. "जीव घाबरतो" म्हणजे कुणासाठी छातीतली धडधड, कुणासाठी मळमळ, कुणासाठी नुसता अशक्तपणा. "चक्कर येते" म्हणजे गरगरणं, तोल जाणं, डोळ्यांपुढे अंधारी किंवा डोकं हलकं होणं. "करमत नाही" हे ॲनहेडोनिया, म्हणजे कशातच आनंद न वाटणं, असू शकतं आणि नुसता एकटेपणाही. "टेन्शन आहे" या शब्दात चिंता, राग, कर्ज, सासू आणि डोकेदुखी सगळं मावतं. पुस्तकं इंग्रजीत असणार हे धरून चला, पण शेजारी स्वतःची वही ठेवा. प्रत्येक लक्षणाच्या संज्ञेपुढे, लोक ते ज्या शब्दांत सांगतात ते शब्द लिहायचे आणि खात्री करून घेणारा तुमचा पुढचा प्रश्नही. ही वही छापील पुस्तकाइतकीच कामाची आहे.

त्याच वहीत एक शब्द लाल शाईने लिहा: 'औषध'. ग्रामीण महाराष्ट्रात "त्यानं औषध घेतलं" याचा अर्थ बऱ्याचदा फवारणीचं विष प्यायला असा होतो. "घरात औषध आहे का?" या प्रश्नाला "आहे" असं उत्तर आलं, तर गोळ्यांचा डबा की कीटकनाशकाची बाटली, हे लगेच स्पष्ट करून घ्या. आत्महत्येविषयी विचारताना पायरीपायरीने जायचं: जीव नकोसा होतो का, आयुष्य संपवावं असं मनात येतं का, कसं करायचं तेही ठरवलं होतं का, त्याची काही तयारी केली का, आधी कधी प्रयत्न झालाय का, आणि कशामुळे थांबलात. विचारल्याने विचार मनात पेरला जात नाही. आडवळणाने विचारलं तर मात्र उत्तरही आडवळणाचंच मिळतं.

हे विचारण्याचं कौशल्य हा पुस्तकांचा दुसरा गट. शॉन शिया यांचं 'सायकियाट्रिक इंटरव्ह्यूइंग' मुलाखतीच्या प्रवाहावर आहे: एका विषयावरून दुसऱ्यावर सहज कसं जायचं, बोलघेवड्याला कसं आवरायचं, गप्प बसणाऱ्याला कसं बोलतं करायचं. जेम्स मॉरिसन यांचं 'द फर्स्ट इंटरव्ह्यू' सोपं आहे आणि नवख्याला लवकर पचतं. दोन्ही अमेरिकी आहेत, हे वाचताना लक्षात असू द्या. त्यांच्या खोलीत रुग्ण एकटा बसलेला असतो. आपल्याकडे आई, नवरा, मेहुणा आणि एखादा शेजारी बरोबर येतात आणि रुग्णाच्या आधी तेच बोलायला लागतात. अशा वेळी आधी रुग्णाशी एकट्याशी, मग त्याच्या संमतीने नातेवाइकांशी आणि शेवटी सगळ्यांना एकत्र बसवून बोलायचं. नातेवाइकांकडून मिळालेली माहिती टाकून देऊ नका. उन्मादात (मेनियात) असलेला माणूस स्वतःला झकास समजत असतो आणि खरी हकीकत बायकोकडूनच कळते. फक्त कोणती गोष्ट कुणी सांगितली ते नोंदीत वेगळं ठेवा.

मानसिक अवस्थेची तपासणी, ज्याला सगळे एमएसई म्हणतात, भारतात बहुतेकजण नीरज आहुजा यांच्या छोट्या पाठ्यपुस्तकावरून किंवा कॅप्लान-सॅडॉकच्या 'सिनॉप्सिस'वरून शिकतात. दोन्ही चालतील. रूप, वागणं, बोलणं, मूड, विचार, संवेदना, बोधक्षमता (लक्ष, स्मरण, आकलन), निर्णयशक्ती, इनसाइट (आपल्याला आजार आहे याची जाण) हा साचा हाताला बसला पाहिजे. चुका मात्र साच्यात भरण्यात होतात. 'विचार: डिल्युजन आढळले' ही नोंद निरुपयोगी आहे. "भाऊ पाण्यात काहीतरी टाकतो, चव बदलते, म्हणून मी शेजारच्या नळावरून पाणी आणतो" असं रुग्णाचं वाक्य त्याच्याच शब्दांत लिहा. सहा महिन्यांनी दुसऱ्या कुणी वाचलं तरी त्याला स्वतःचा निष्कर्ष काढता आला पाहिजे.

बोधक्षमतेच्या प्रश्नांत शिक्षणाचा अंदाज घेतल्याशिवाय हात घालू नका. शंभरातून सात वजा करत जा, असं दुसरी शिकलेल्या आजींना सांगितलं तर त्या अडतील आणि तुम्ही 'लक्ष कमी' असं लिहाल. त्याऐवजी वार उलटे म्हणायला सांगा, वीस ते एक उलटं मोजायला सांगा, किंवा पन्नासची नोट देऊन सतरा रुपयांची भाजी घेतली तर परत किती, ते विचारा. अमूर्त विचार तपासायला इंग्रजी म्हणी भाषांतरून विचारणं हा तर विनोदच. 'नाचता येईना अंगण वाकडं' विचारा, पण पाठ असलेला अर्थ आणि सुचलेला अर्थ यांत फरक करा. स्मरण आणि लक्ष झटपट तपासणाऱ्या १९७५ च्या एमएमएसई चाचणीत वाचन-लेखनाचे प्रश्न आहेत, म्हणून निरक्षर माणसाचे गुण डिमेन्शिया (स्मृतिभ्रंश) नसतानाही पडतात. ग्रामीण, निरक्षर वृद्धांसाठी भारतात 'हिंदी मेंटल स्टेट एक्झामिनेशन' बनवली गेली, ती याच अडचणीतून.

'करणी' आणि 'अंगात येणं' याबद्दल वेगळं बोलायला हवं. "माझ्यावर करणी केलीय" हे वाक्य एकट्याने डिल्युजन ठरत नाही. घरात आणखी कोण तसं मानतं? हे तुम्हाला कसं कळलं, कुणी सांगितलं की अचानक एखादी खूण दिसून लख्ख कळलं? दुसरं काही कारण असू शकेल, असं क्षणभर तरी वाटतं का? सगळं घर मानतंय, देवऋषीने सांगितलंय आणि रुग्णाच्या मनात थोडी शंकाही आहे, तर ती श्रद्धा. घरचेच म्हणतायत की "आम्हीही मानतो हो, पण हा बोलतोय ते काहीतरी भलतंच आहे," तर कान टवकारा. आपल्याच समाजाला ते वेगळं वाटणं ही मोठी खूण आहे. आयसीडी-११ मध्ये ट्रान्स (भान हरपणं) आणि पझेशन ट्रान्स (अंगात येणं) हे विकार आहेत, पण समाजमान्य धार्मिक विधीचा भाग म्हणून घडलेलं त्यात धरू नका, असं तिथेच म्हटलंय. जत्रेत अंगात येणारी बाई रुग्ण नाही. तिला नको असताना, विधीबाहेर, वारंवार अंगात येत असेल आणि त्याने तिचं जगणं अडत असेल तर विचार करायचा. डीएसएम-५ मध्ये सोळा प्रश्नांची सांस्कृतिक मुलाखत दिलेली आहे, ती मराठीत उतरवून ठेवा. "तुमच्या मते हे कशामुळे झालं?" या एका प्रश्नातून पुष्कळ काही हाती लागतं.

आता निकषांची पुस्तकं. अमेरिकन सायकियाट्रिक असोसिएशनचं डीएसएम-५ २०१३ साली आलं, त्याची सुधारित मजकुराची आवृत्ती डीएसएम-५-टीआर २०२२ मध्ये. जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी-११ २०१९ मध्ये मंजूर झालं आणि १ जानेवारी २०२२ पासून लागू झालं. त्यातल्या मनोविकारांचं सविस्तर वर्णन करणारं पुस्तक २०२४ मध्ये निघालं, ते संघटनेच्या संकेतस्थळावर फुकट उतरवून घेता येतं. पैसे बेताचे असतील तर हेच आधी घ्या. त्यातला सर्वांत मोलाचा भाग प्रत्येक विकारात येणारी 'सर्वसामान्य अवस्थेशी सीमारेषा' ही नोंद. परीक्षेची भीती कुठे संपते आणि विकार कुठे सुरू होतो, हे तिथे वाचा. भारतीय कायद्याच्या दृष्टीनेही आयसीडीच जवळचं: मानसिक आरोग्यसेवा कायदा २०१७ च्या कलम ३ मध्ये मानसिक आजार ठरवताना मान्यताप्राप्त वैद्यकीय मानकं, त्यात जागतिक आरोग्य संघटनेचं आयसीडी, असा उल्लेख आहे. त्याच कलमात असंही आहे की उपचार किंवा कायद्याने सांगितलेलं काम सोडून कुणालाही मानसिक रुग्ण म्हणून वर्गीकृत करायचं नाही, आणि पूर्वी उपचार घेतले होते एवढ्यावर आज आजारी ठरवायचं नाही. समुपदेशकाने अहवालात 'निदान' लिहू नये. 'तपासणीत नैराश्याची लक्षणं आढळली, मनोविकारतज्ज्ञांकडे पाठवलं' इतकं लिहावं.

दोन्ही पुस्तकांत फरक कुठे पडतो? काळात. स्किझोफ्रेनियासाठी आयसीडीला महिनाभराची लक्षणं पुरतात, डीएसएमला एकूण सहा महिने लागतात. सात आठवडे आजारी असलेला तरुण एका पुस्तकात स्किझोफ्रेनिया आणि दुसऱ्यात स्किझोफ्रेनिफॉर्म, म्हणजे तशाच लक्षणांचा पण कमी काळाचा विकार, ठरतो. दीर्घकाळ चालणाऱ्या शोकाचा विकार आयसीडी सहा महिन्यांनी मानतं, डीएसएम प्रौढांसाठी बारा महिन्यांनी. व्यक्तिमत्त्व विकारांत तर दोघांच्या वाटाच वेगळ्या: डीएसएममध्ये दहा कप्पे, आयसीडी-११ मध्ये आधी सौम्य, मध्यम की तीव्र ते ठरवायचं आणि मग स्वभावाचे पैलू जोडायचे. अहवालात कोणतं पुस्तक वापरलं ते लिहिणं म्हणूनच गरजेचं.

डीएसएमची एक छोटी, फक्त निकषांची आवृत्तीही मिळते. खिशाला परवडते, पण नवख्यासाठी तीच सर्वांत धोक्याची. मोठ्या पुस्तकात निकषांनंतर 'डिफरन्शियल डायग्नोसिस'चा मजकूर येतो. या विकाराला दुसरं काय काय समजलं जाऊ शकतं हे त्यात असतं, आणि छोट्या पुस्तकात नेमकं तेवढं गाळलेलं आहे. विकार वाचताना आधी तो मजकूर वाचा, मग निकषांकडे या.

याच कामासाठी मायकल फर्स्ट यांचं डिफरन्शियल डायग्नोसिसचं हँडबुक आहे. त्यातल्या सहा पायऱ्यांचा क्रम रोज वापरण्यासारखा: ढोंग किंवा ओढवून घेतलेलं आजारपण नाही ना, दारू, नशा, औषधं यांमुळे नाही ना, शारीरिक आजारामुळे नाही ना, मग नेमका मूळ विकार कोणता, तो पूर्ण बसत नसेल तर जुळवून घेण्यातली अडचण की 'इतर' कप्पा, आणि शेवटी, हा विकार आहे तरी का. दुसरी आणि तिसरी पायरी घाईत गाळली जाते. पासष्टीच्या आजोबांच्या पायाचं हाड मोडलं, रुग्णालयात दाखल केलं आणि तिसऱ्या रात्री "भिंतीवर मुंग्या दिसतायत" म्हणून आरडाओरडा. हे स्किझोफ्रेनिया नाही. शेवटचा घोट घेऊन साधारण ४८ ते ७२ तास झाले की दारू तुटल्याचा डेलिरियम, म्हणजे शारीरिक कारणाने अचानक भान गोंधळणं, दिसतो, आणि घरच्यांनी "रोज थोडीशी घेतात" हे कुणाला सांगितलेलं नसतं. दृश्य भास, लक्ष न लागणं, दिवसा बरं आणि रात्री वाईट असं खालीवर होणं दिसलं तर आधी डेलिरियम धरायचा आणि तातडीने फिजिशियनकडे पाठवायचं. नैराश्यात थायरॉइड, हिमोग्लोबिन आणि शाकाहारी घरांत बी-१२ बघून घ्यायला सुचवा. क्षयाच्या औषधांपैकी सायक्लोसेरीनने सायकोसिस, म्हणजे भास-भ्रमांत वास्तवाशी नातं तुटणं, होऊ शकतो, स्टेरॉइडने उन्माद. चालू असलेल्या सगळ्या गोळ्यांची पिशवीच घेऊन या म्हणावं.

चाचण्यांसाठी गॅरी ग्रॉथ-मार्नाट यांचं 'हँडबुक ऑफ सायकॉलॉजिकल असेसमेंट' पुरेसं आहे. ते वाचण्याआधी एक हिशेब समजून घ्या. पीएचक्यू-९ ही नऊ प्रश्नांची नैराश्याची प्रश्नावली २००१ मध्ये आली, ती फुकट आहे आणि मराठीसह बऱ्याच भारतीय भाषांत मिळते. गुण ० ते २७, आणि १० किंवा जास्त असतील तर नैराश्याची शक्यता. मूळ अभ्यासात या रेषेवर संवेदनशीलता (नैराश्य असलेल्यांपैकी किती सापडतात) आणि विशिष्टता (नसलेल्यांपैकी किती योग्य रीतीने वगळले जातात) दोन्ही ८८ टक्के होत्या. ऐकायला छान वाटतं. आता समजा, एका महाविद्यालयात १००० मुलांना ती दिली आणि त्यांतल्या ५० जणांना खरंच नैराश्य आहे. ५० पैकी ४४ सापडतील. उरलेल्या ९५० पैकी १२ टक्के, म्हणजे ११४ जण नैराश्य नसतानाही १० च्या वर जातील. एकूण १५८ जण 'पॉझिटिव्ह', त्यांत खरे ४४. म्हणजे दहा गुणांच्या वर गेलेल्या चारांतल्या जवळजवळ तिघांना नैराश्य नाही. म्हणून ही चाळणी आहे, निदान नाही. नववा प्रश्न स्वतःला इजा करण्याच्या विचारांचा, त्यावर शून्याहून वर काहीही आलं तर एकूण गुण कितीही असोत, त्याच बैठकीत बोलायचं.

हॅमिल्टन (नैराश्य), वाय-बॉक्स (ओसीडी), पॅन्स (स्किझोफ्रेनिया) यांसारखी मोजमापं निदान करून दिलंय असं धरून तीव्रता मोजतात. 'हॅमिल्टनमध्ये १८ आले म्हणून नैराश्य' हे वाक्य उलटं आहे. बुद्धिमापनात मापदंड किती जुने आहेत ते आधी बघा. नागपूरच्या ए. जे. मालिन यांनी १९६९ मध्ये वेक्स्लरच्या मुलांच्या चाचणीचं भारतीय रूपांतर केलं, ते आजही जागोजागी वापरलं जातं. पिढ्यान्‌पिढ्या सरासरी गुण वाढत जातात, त्यामुळे जुन्या मापदंडांवर मुलाचा बुद्ध्यांक खऱ्यापेक्षा जास्त दिसतो आणि ज्याला सवलत मिळायला हवी तोच रेषेच्या वर जाऊन बसतो. झेरॉक्स मारलेल्या चित्रांवर चाचणी घेणं, दोन मिनिटांची मुदत घड्याळाशिवाय धरणं, प्रश्न आपल्या मनाने सोपे करून विचारणं, यांतलं काहीही केलंत तर आकड्याला अर्थ उरत नाही.

मनोविकारतज्ज्ञ जवळ नसलेल्या गावात काम करत असाल तर वरच्या जाड पुस्तकांआधी दोन पुस्तकं घ्या: विक्रम पटेल यांचं 'व्हेअर देअर इज नो सायकियाट्रिस्ट' आणि जागतिक आरोग्य संघटनेची एमएचगॅप मार्गदर्शिका. दुसरं फुकट आहे. दोन्ही तक्रारीपासून सुरू होतात, विकाराच्या नावापासून नाही. गोव्यातल्या 'संगथ' संस्थेशी पटेल यांचं नाव जोडलेलं आहे, आणि पुस्तकातले प्रसंग आपल्या प्राथमिक आरोग्य केंद्रात शोभतील असे आहेत.

पुस्तकांच्या जोडीला एक सवय लावून घ्या: प्रत्येक रुग्णाची आडवी रेघ. कागद आडवा धरून जन्मापासून आजपर्यंत एक रेघ ओढायची. वर आयुष्यातल्या घटना: शाळा सुटली, लग्न, बाळंतपण, वडील गेले, कर्ज. खाली लक्षणं, किती आठवडे, कोणते उपचार, कोणत्या गोळ्यांनी फरक पडला. रेघेखाली मधूनच दहा दिवस जेमतेम झोपूनही ताजातवाना, उधळपट्टी, मोठमोठ्या योजना असा एखादा काळ दिसला, तर आज समोर बसलेलं 'नैराश्य' बायपोलरचं, म्हणजे उन्माद आणि नैराश्य आलटून पालटून येणाऱ्या विकाराचं, असू शकतं, आणि पाठवताना चिठ्ठीत ते लिहायलाच हवं.

खरेदीचा क्रम: फिश, मग मॉरिसन, मग फुकटचं आयसीडी-११. सहा महिन्यांनी फर्स्ट आणि ग्रॉथ-मार्नाट. मोठं डीएसएम वाचनालयातून, जमेल तेव्हा भारतीय आवृत्ती. जुनी पुस्तकं घ्यायला पुण्याच्या अप्पा बळवंत चौकात गेलात तर फिशची किंवा सिम्सची कितीही जुनी प्रत घ्या, लक्षणं तशी बदलत नाहीत. डीएसएमची प्रत मात्र साल बघून घ्या. मुखपृष्ठावर चार (रोमन IV) आकडा असेल तर त्यात पाच अ‍ॅक्सिस (निदान पाच रकान्यांत लिहिण्याची पद्धत) आणि अ‍ॅस्पर्जर (आता ऑटिझममध्ये विलीन केलेलं निदान) अजून शाबूत आहेत; डीएसएम-५ ने दोन्ही काढून टाकली. ते अहवालात लिहून पाठवलंत तर समोरच्या तज्ज्ञाला पहिल्या ओळीतच कळेल, पुस्तक रद्दीतून घेतलंय.